मुख्याध्यापकपदाची सेवाज्येष्ठता: आधी रुजू झालेला ज्येष्ठ, की आधी प्रशिक्षित झालेला?

गणित_विज्ञान | ८ नोव्हेंबर २०२५

नमस्कार. मी कोल्हापूर जिल्ह्यातील एका खाजगी अनुदानित माध्यमिक शाळेत सहायक शिक्षिका आहे. संस्थेच्या तीन शाळा आहेत. संस्थेचे आणि व्यक्तींचे नाव मी येथे मुद्दाम लिहीत नाही, कृपया कोणी अंदाज बांधू नयेत.

माझी नियुक्ती १५ जून १९९८ रोजी झाली. त्या दिवशी माझ्याकडे बी.एस्सी. आणि बी.एड. या दोन्ही पदव्या होत्या. संस्थेच्याच दुसऱ्या शाळेतील एक सहकारी १० जून १९९६ रोजी रुजू झाले, परंतु तेव्हा ते केवळ बी.ए. होते. त्यांनी बी.एड. पुढे केले आणि त्यांचा निकाल २००१ मध्ये लागला. संस्थेच्या सेवाज्येष्ठता यादीत मात्र ते माझ्या वर आहेत, कारण यादी सरळ नियुक्तीच्या दिनांकावरून केलेली आहे.

आमच्या शाळेचे मुख्याध्यापक ३१ ऑक्टोबर २०२५ रोजी नियत वयोमानानुसार सेवानिवृत्त झाले. दुसऱ्या दिवशी संस्थेने त्या सहकाऱ्यांना "पुढील आदेशापर्यंत प्रभारी मुख्याध्यापक" म्हणून कार्यभार दिला. आदेशाची प्रत मला ३ तारखेला सूचनावहीतून मिळाली. मी सचिवांना भेटले तेव्हा त्यांनी शांतपणे जुने रजिस्टर काढले आणि २०१२ च्या ज्येष्ठता यादीपुढील माझी सही दाखवली. "मॅडम, तुम्हीच तर मान्य केलेय," एवढेच ते म्हणाले.

ती सही कशी झाली ते मला स्पष्ट आठवते. तिसऱ्या तासाची बेल होऊन गेली होती, हातात सातवीच्या चाचणीच्या उत्तरपत्रिकांचा गठ्ठा होता आणि शिपाईमामांनी दारातच रजिस्टर पुढे धरले. "सर्वांच्या झाल्या, तुमचीच राहिलीय," म्हणाले. मी उत्तरपत्रिका काखेत धरून उभ्याउभ्या सही केली. यादीत अनुक्रमांक, नाव, जन्मदिनांक, शैक्षणिक अर्हता, व्यावसायिक अर्हता, नियुक्ती दिनांक, प्रवर्ग आणि शेरा असे रकाने होते. त्यांतील प्रवर्गाचा रकाना माझ्या आणि त्यांच्या दोघांच्याही नावापुढे कोरा होता, हे मी परवा पहिल्यांदा पाहिले.

आणखी एक गोष्ट लपवून उपयोग नाही. २०१९ मध्ये याच सहकाऱ्यांना पर्यवेक्षक केले गेले, तेव्हा मी काहीही लेखी दिले नाही. त्या वर्षी घरात आजारपण होते आणि पर्यवेक्षकपदासाठी भांडावे असे मला वाटलेही नाही.

माझे प्रश्न असे आहेत. अप्रशिक्षित असतानाची त्यांची सेवा ज्येष्ठतेसाठी धरली जाते काय? त्या सहीमुळे माझा हक्क संपला काय? आणि मी दाद मागायची ती शिक्षणाधिकाऱ्यांकडे, की न्यायाधिकरणात? स्टाफरूममध्ये मला रोज एकच सल्ला मिळतो, की ते तीन वर्षांत निवृत्त होतील, मग तुम्हीच आहात. माझ्या सेवेची साडेसहा वर्षे उरली आहेत. त्यांतील निम्मी वर्षे वाट पाहण्यात घालवावीत, हे मला पटत नाही.

---

जुना_दप्तरी | ८ नोव्हेंबर २०२५

मॅडम, मी माध्यमिक शाळेत मुख्य लिपिक होतो आणि ज्येष्ठता याद्या करण्यातच माझे निम्मे आयुष्य गेले, म्हणून लिहितो. मी वकील नाही.

आपल्याला लागू होतो तो महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, १९७७ आणि त्याखालील १९८१ ची नियमावली. ज्येष्ठता यादी नियम १२ प्रमाणे होते आणि ती कशी करायची हे अनुसूची 'फ' सांगते. बहुतेक संस्थांची चूक येथेच होते. जो आधी रुजू झाला तो ज्येष्ठ, हा व्यवहारातला समज आहे. अनुसूची 'फ' तसे म्हणत नाही. तिच्यात शिक्षकांचे प्रवर्ग पाडलेले आहेत, ते वरून खाली अशा उतरत्या क्रमाने दिलेले आहेत आणि त्या क्रमालाच ज्येष्ठतेची शिडी म्हटले आहे. पदवी आणि बी.एड. असलेले शिक्षक 'क' प्रवर्गात येतात. अप्रशिक्षित पदवीधर त्याच्या पुष्कळ खाली. म्हणजे १५ जून १९९८ रोजी तुम्ही शिडीच्या ज्या पायरीवर पाऊल ठेवले, त्या पायरीवर ते सर २००१ मध्ये पोहोचले. दोघे एकाच पायरीवर आल्यानंतर, त्या पायरीवर आधी कोण आले हेच पाहायचे असते.

एकच शंका विचारतो. त्यांच्याकडे १९९६ मध्ये डी.एड. नव्हते ना? असल्यास प्रकरण गुंतागुंतीचे होते, कारण पदविकाधारक शिक्षक पदवीधर झाल्यावर 'क' प्रवर्गात नेमका केव्हा येतो यावर बरीच कोर्टबाजी झालेली आहे. नसल्यास तुमची बाजू सरळ आहे.

दोघांची त्याच प्रवर्गातील सलग नियुक्तीची तारीख एकच असेल, तर वयाने मोठा तो ज्येष्ठ, हेही तेथेच लिहिलेले आहे. विषयाला सोडून आहे, पण आमच्याकडे एकदा एकाच दिवशी रुजू झालेल्या दोघांचा क्रम आडनावाच्या आद्याक्षरावरून लावला होता आणि ती यादी अकरा वर्षे तशीच चालली. कोणी विचारलेच नाही.

दुसरे असे, की तुमच्या संस्थेच्या तीन शाळा आहेत म्हणून घाबरू नका. मुख्याध्यापकपदासाठी संस्थेच्या सर्व शाळांतील, रात्रशाळा वगळून, सर्वांत ज्येष्ठ पात्र शिक्षक पाहायचा असतो. ते दुसऱ्या शाळेतले आहेत हा तुमच्या बाजूचा मुद्दा होऊ शकत नाही आणि त्यांच्या बाजूचाही नाही.

---

महसूल_लिपिक | ९ नोव्हेंबर २०२५

मॅडम, वेळ घालवू नका. ज्येष्ठतेचे नियम २०२१ मध्ये नव्याने झाले आहेत, ते वाचा आणि थेट मॅटमध्ये मूळ अर्ज दाखल करा. सर्वोच्च न्यायालयाने १९७४ मध्येच, तमिळनाडूच्या सदाशिवस्वामी प्रकरणात, सांगून ठेवले आहे की कनिष्ठाच्या पदोन्नतीविरुद्ध सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात दाद मागितली पाहिजे. तुमच्या हाती अजून भरपूर वेळ आहे. आमच्या कार्यालयात एका अव्वल कारकुनाने पाचव्या महिन्यात अर्ज करून पदोन्नती मिळवली.

---

वकील_कसबा_बावडा | ९ नोव्हेंबर २०२५

वरील सल्ला सद्भावनेने दिलेला आहे, परंतु तो या प्रकरणाला लागू नाही आणि तसे वागल्यास मॅडमचे नुकसान होईल, म्हणून सविस्तर लिहितो.

महाराष्ट्र नागरी सेवा (ज्येष्ठतेचे विनियमन) नियम, २०२१ हे शासकीय कर्मचाऱ्यांसाठी आहेत. त्याआधी त्यांच्यासाठी १९८२ चे नियम होते. महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे मॅट, हेही राज्य शासनाच्या सेवकांचे. खाजगी अनुदानित शाळेतील शिक्षकाचा पगार शासनाच्या अनुदानातून होत असला तरी त्याची नियोक्ता संस्था असते. त्याच्या दादीची जागा १९७७ च्या अधिनियमाच्या कलम ९ मध्ये सांगितलेले शाळा न्यायाधिकरण ही आहे आणि ते कोल्हापुरात आहे. बडतर्फी, सेवेतून काढणे, सेवासमाप्ती आणि पदावनती यांच्याबरोबरच, पदोन्नतीने नेमणूक करताना व्यवस्थापनाने ज्येष्ठाला डावलले असेल, तर त्याविरुद्धही याच कलमाखाली अपील करता येते.

आता मुदत. कलम ९ खाली अपिलाची मुदत तीस दिवसांची आहे. सहा महिने किंवा एक वर्ष ही मर्यादा उच्च न्यायालयातील रिट याचिकेच्या संदर्भात सांगितली गेली. तिच्यावर विसंबून बसलेले शिक्षक दरवर्षी माझ्याकडे येतात आणि त्यांच्या प्रकरणात पहिले सहा महिने विलंब माफीच्या अर्जावरच खर्च होतात. पुरेसे कारण असल्यास न्यायाधिकरण विलंब माफ करू शकते, हे खरे; परंतु जेथे विलंब टाळता येतो तेथे माफीची वेळ कशासाठी आणायची?

येथे एक खाचखळगा आहे. संस्थेने "पदोन्नती" हा शब्द कटाक्षाने टाळून "प्रभारी" म्हटले आहे. हे अनवधानाने झालेले नसते. तुम्ही आज अपील केले तर संस्था म्हणेल, की ही केवळ तात्पुरती व्यवस्था आहे, पदोन्नती झालेलीच नाही, सबब अपील अकाली आहे. आणि तुम्ही नियमित आदेशाची वाट पाहिली तर उद्या तीच संस्था म्हणेल, की हे १ नोव्हेंबरपासून पदावर आहेत, तुम्ही झोपला होता काय? म्हणून माझा सल्ला असा, की मुदत १ नोव्हेंबरपासूनच धरा आणि १ डिसेंबरच्या आत अपील दाखल करा. नियमित पदोन्नतीचा किंवा मान्यतेचा आदेश नंतर निघाला, तर त्यालाही दुरुस्तीने किंवा स्वतंत्र अपिलाने आव्हान देता येते. अकाली ठरलेले अपील पुन्हा करता येते; मुदतबाह्य झालेल्याचे तसे नसते.

शिक्षणाधिकाऱ्यांबद्दल. नियम १२ मध्ये असे आहे, की ज्येष्ठता यादीवरील हरकतींचा व्यवस्थापनाने विचार करायचा आणि आपसातील ज्येष्ठतेचा वाद निर्णयासाठी शिक्षणाधिकाऱ्यांकडे पाठवायचा. त्यामुळे नागाळा पार्कातील जिल्हा परिषदेत, शिक्षणाधिकारी (माध्यमिक) यांच्याकडे हरकत अवश्य नोंदवा आणि आवक शिक्क्याची पोच घ्या. त्यांच्या कार्यालयाला प्रभारी मुख्याध्यापकाच्या सह्यांच्या मान्यतेचा प्रस्ताव आला असेल किंवा येईल, तेव्हा तुमची हरकत त्या धारिकेत असली पाहिजे. मात्र तेथे अर्ज केल्याने न्यायाधिकरणाच्या तीस दिवसांचे घड्याळ थांबत नाही. दोन्ही गोष्टी बरोबरीने करायच्या आहेत.

सहीबद्दल. नियम १२ प्रमाणे यादी कर्मचाऱ्यांमध्ये फिरवून प्रत मिळाल्याची सही घ्यायची असते. ती सही प्रत मिळाल्याची असते, यादी बरोबर असल्याची नव्हे. अनुसूची 'फ' च्या विरुद्ध केलेली यादी चाळीस सह्यांनीही नियमानुसार होत नाही. तथापि, इतकी वर्षे हरकत का घेतली नाही, हा प्रश्न तुम्हाला उलटतपासणीत नव्हे तरी युक्तिवादात नक्की विचारला जाईल. त्याचे उत्तर तुमच्या पहिल्याच लेखनात आहे: प्रवर्गाचा रकानाच कोरा होता. ज्या यादीवरून कोण कोणत्या प्रवर्गात केव्हा आले हे कळतच नाही, त्या यादीवर कशाची हरकत घ्यायची? त्या पानाची साक्षांकित प्रत मिळवणे हे तुमचे पहिले काम आहे.

महसूल_लिपिक यांनी सांगितलेल्या निवाड्याचे तत्त्व मात्र दुर्लक्षिण्यासारखे नाही. स्थिरस्थावर झालेली ज्येष्ठता वर्षानुवर्षांनंतर उसवायला न्यायालये नाखूष असतात.

---

गणित_विज्ञान | १० नोव्हेंबर २०२५

आपणा सर्वांची मनापासून आभारी आहे. दप्तरी सरांच्या शंकेचे उत्तर: त्यांच्याकडे डी.एड. नव्हते. बारावीनंतर त्यांनी सरळ बी.ए. केले, ही गोष्ट ते स्वतःच अनेकदा सांगतात.

आज दोन नव्या गोष्टी घडल्या. पहिली, संस्थेच्या एका पदाधिकाऱ्यांनी मला घरी बोलावून चहा दिला आणि टंकलिखित कागद पुढे केला. "मुख्याध्यापकपदावरील हक्क मी स्वखुशीने सोडत आहे" असा मजकूर, खाली माझे नाव, तारखेची जागा रिकामी. मी सही केली नाही. चष्मा आणला नाही, असे सांगून उठले. दुसरी, बोलता बोलता ते म्हणाले की तुमचे गोपनीय अहवाल फारसे चांगले नाहीत, ते बाहेर काढायला लावू नका. सत्तावीस वर्षांत मला एकही प्रतिकूल शेरा कळवलेला नाही. आणि २०१९ च्या पर्यवेक्षकपदाचे काय, ते कृपया सांगावे.

---

वकील_कसबा_बावडा | १० नोव्हेंबर २०२५

मॅडम, तो कागद पुढे केला गेला याचा अर्थ संस्थेलाही तुमची ज्येष्ठता ठाऊक आहे. जो कनिष्ठ आहे त्याच्याकडून कोणी हक्कसोड मागत नाही. आजच्या भेटीची तारीख, वेळ आणि कोण कोण हजर होते, हे आजच डायरीत लिहून ठेवा. ज्येष्ठतम शिक्षक पद नाकारू शकतो, परंतु तो नकार लेखी आणि स्वेच्छेचा असावा लागतो, व तो स्वेच्छेचा आहे याबद्दल शिक्षणाधिकाऱ्यांची खात्री व्हावी लागते. चहाच्या टेबलावर घेतलेला कागद त्यासाठी पुरत नाही. तरीही सही केली असती, तर आज आपण वेगळ्याच विषयावर बोलत असतो.

गोपनीय अहवालांची धमकी पोकळ आहे. नियम ३ प्रमाणे मुख्याध्यापकपदासाठी ज्येष्ठतेबरोबर समाधानकारक सेवा लागते, हे खरे. परंतु नियम १५ असे सांगतो, की प्रतिकूल शेरे ऑगस्टअखेरपर्यंत लेखी कळवले पाहिजेत आणि अहवाल लिहिले नाहीत किंवा शेरे कळवले नाहीत, तर त्या काळातील काम समाधानकारक होते असेच धरले जाते. न कळवलेला शेरा पदोन्नतीच्या आड आणता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने देव दत्त प्रकरणात २००८ मध्ये शासकीय सेवकांच्या बाबतीतही म्हटलेले आहे. तुमच्या बाबतीत तर तो नियमच आहे.

२०१९ चा मुद्दा मात्र तुमची सर्वांत दुबळी बाजू आहे आणि ती झाकण्यात अर्थ नाही. पर्यवेक्षकपदाला आता आव्हान देऊ नका. ते टिकणार नाही, आणि त्यासाठी विलंब माफी मागितल्यास मूळ अपीलही संशयास्पद दिसू लागते. मुख्याध्यापकपदाची नेमणूक ही स्वतंत्र नेमणूक आहे, तिच्यामुळे दाद मागण्याचे नवे कारण उत्पन्न झाले, आणि नियम ३ मुख्याध्यापकपदासाठी सर्वांत ज्येष्ठ शिक्षक शोधायला सांगतो, विद्यमान पर्यवेक्षक नव्हे. एवढ्याच मर्यादेत अपील ठेवा. आपण त्या वेळी हरकत घेतली नव्हती, हे अपिलात स्वतःहून एका वाक्यात लिहा. समोरच्याने ते काढून दाखवण्यापेक्षा ते बरे.

अपिलात संस्था, शाळा, शिक्षणाधिकारी आणि ते सहकारी या सर्वांना प्रतिवादी करा. ज्यांचे पद जाऊ शकते त्यांना ऐकून घेतल्याशिवाय आदेश होऊ शकत नाही; पुष्कळ अपिले केवळ एवढ्याने लटकतात. न्यायाधिकरणाला आदेश स्थगित करण्याचा अधिकार आहे, तो अर्ज अपिलासोबतच द्या. अपील शक्यतो तीन महिन्यांत निकाली काढावे असे अधिनियम म्हणतो. प्रत्यक्षात तसे होत नाही, तेव्हा त्या हिशेबाने काही ठरवू नका. निकालाविरुद्ध पुन्हा अपील नाही, रिट याचिका आहे. ती मात्र आता मुंबईला न्यावी लागत नाही. सहा जिल्ह्यांसाठीचे उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच १८ ऑगस्टपासून कोल्हापुरातच, सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या कोर्टाच्या इमारतीत सुरू झाले आहे. पूर्वी पक्षकार रात्रीच्या महालक्ष्मी एक्सप्रेसने जायचे, तारीख पडली की त्याच रात्री परत, आणि अशा दोन फेऱ्यांनंतर निम्मे जण संस्थेशी तडजोड करायचे. तडजोडीची ती सोय आता संस्थांकडे राहिलेली नाही.

---

जुना_दप्तरी | ११ नोव्हेंबर २०२५

कागदपत्रांबद्दल थोडे सांगतो, कारण वकीलसाहेब कागद मागतील आणि ते कोठे असतात हे दप्तरातल्याच माणसाला माहीत.

२०१२ ची यादी महत्त्वाची आहेच, पण त्यापेक्षा महत्त्वाचा कागद म्हणजे त्या सरांच्या वैयक्तिक मान्यतेचा. अप्रशिक्षित शिक्षकाने बी.एड. केले की शाळा त्याला प्रशिक्षित वेतनश्रेणी मिळावी म्हणून शिक्षणाधिकाऱ्यांकडे प्रस्ताव पाठवते. त्या प्रस्तावाला शिवाजी विद्यापीठाचे गुणपत्रक जोडलेले असते आणि मंजुरीच्या पत्रात कोणत्या तारखेपासून प्रशिक्षित वेतनश्रेणी दिली ते स्वच्छ लिहिलेले असते. संस्थेनेच मागितलेली आणि शासनाने दिलेली ती तारीख संस्थेला नाकारता येणार नाही. शाळा ते पत्र तुम्हाला देणार नाही. शिक्षणाधिकारी कार्यालयात माहितीच्या अधिकाराचा अर्ज करा, तीस दिवसांची मुदत आहे. पण अपील त्यासाठी अडवून ठेवू नका, कागद मागाहून दाखल करता येतो. धारिका निरीक्षणाची मागणीही त्याच अर्जात करा. नक्कल मिळायला वेळ लागतो, निरीक्षण लवकर मिळते.

स्वतःच्या सेवापुस्तकाचे पहिले पान पाहून ठेवा. अर्हतेच्या नोंदीत बी.एड.चे वर्ष आणि नोंदीखाली मुख्याध्यापकांची सही आहे ना, तेवढे तपासा. मी पाहिलेल्या दर दहा पुस्तकांत एखादे तरी असे असायचे की ज्यात पदवी आहे आणि प्रशिक्षण लिहायचे राहून गेले आहे.

---

गणित_विज्ञान | २९ नोव्हेंबर २०२५

विचारणा करणाऱ्या सर्वांसाठी कळवते. काल अपील दाखल झाले, स्थगितीच्या अर्जासह. प्रतिवादींना नोटिसा काढण्याचा आदेश झाला आहे.

जिल्हा परिषदेत धारिकेचे निरीक्षण मिळाले. दप्तरी सरांनी सांगितलेले पत्र सत्त्याहत्तराव्या पानावर होते, कोपरा वाळवीने खाल्लेला, पण मजकूर शाबूत. त्या सरांना प्रशिक्षित वेतनश्रेणी १ जुलै २००१ पासून मंजूर झाली आहे आणि प्रस्तावावर संस्थेच्या तत्कालीन सचिवांची सही आहे. नकलेसाठी पैसे भरले आहेत.

माझ्या सेवापुस्तकात बी.एड.ची नोंद आहे. सही मात्र नाही. १९९८ चे मुख्याध्यापक हयात आहेत, शाहूपुरीत राहतात. त्यांचे प्रतिज्ञापत्र चालेल काय, हे सोमवारी वकिलांना विचारणार आहे.

---

वकील_कसबा_बावडा | २९ नोव्हेंबर २०२५

चालेल. परंतु त्याआधी तुमच्या स्वतःच्या १९९८ च्या मान्यतेचे पत्र काढा. त्यात अर्हता लिहिलेली असेल, तर त्या ज्येष्ठांना तसदी देण्याचे कारण पडणार नाही.